रुको आंटी

आमच्या माहितीपटाच्या शेवटी काकूंचं नाव का नाही, हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. कुणी विचारलंच, तर ‘त्यांना नावाची हौस नव्हती’ असं म्हणून मोकळा होत आलो.

काकू मूळच्या साताऱ्याच्या, यजमान हवाई दलात; बदलीमुळे चंदीगडला आलेल्या. शहर वसावं म्हणून उठवलेल्या गावांवर मी माहितीपट करत होतो. जुनं चित्रीकरण शोधायचं, ते कुठलं, कधीचं, त्यात कोण आहे हे पारखायचं, हे काम काकूंचं. सेक्टर ३४मधल्या आमच्या खोलीत त्या पडद्याच्या मधोमध पुठ्ठा धरत आणि फक्त कडा बघत. “मधलं कॅमेरावाल्यानं दाखवलंय रे. कडेला काय आलंय, ते त्याला ठाऊकच नाही.” आणि मग एकदम, “रुको!”

आमचा संकलक गुरी त्यांना रुको आंटीच म्हणायचा. “आंटीजी, ऐसे तो पिक्चर अगले जनम में बनेगी.”

“कोई बात नहीं, तब भी मैं ही आऊँगी.”

कुणाच्या तरी घरी सापडलेल्या एका मुक्या फितीत एक बाई डोक्यावर बोचकं घेऊन पायवाटेनं जाते, वळून कॅमेऱ्याकडे बघते. मी निवेदन लिहिलं होतं, ‘गाव सुटलं, ते हे असं.’

“रुको. मान बघ तिची. सगळा संसार डोक्यावर असला की मान अशी डुलेल? आणि पायात नवी जुती. निघालीय कुठं ही?”

दृश्यातल्या माणसाला, नाहीतर त्याच्या घरच्यांना विचारल्याशिवाय ते वापरायचं नाही, हा त्यांचा नेम. लॅपटॉप पिशवीत टाकून त्या मुल्लानपूरकडची गावं हिंडल्या. नव्या इमारतींच्या कुंपणाला टेकलेल्या एका घरात एक म्हातारे सरदारजी पडद्याला हात लावून म्हणाले, “एह तां मेरी माँ है!” आई लेकीच्या सासरी श्रावणातला संधारा, म्हणजे माहेरची भेट, घेऊन चालली होती. गाव उठायला तेव्हा अवकाश होता. घरात आईचा एकही फोटो नव्हता. मोठ्या पडद्यावर दाखवू, आणि खरं तेच सांगू, असा शब्द काकू देऊन आल्या.

“अरे, बोचक्यात मिठाई होती, बांगड्या होत्या! म्हणून तिची मान अशी डुलत होती,” काकू हरखून सांगत होत्या.

मी ऐकून घेतलं आणि निवेदन तसंच ठेवलं. ओळखीच्यांना दाखवलं तेव्हा त्याच वाक्याला डोळे पुसले गेले होते. “काकू, एवढं कुणाला कळतंय?”

“तिच्या पोराला कळेल.” काकू पुठ्ठा खाली ठेवून उठल्या. “माझं नाव काढ.”

पुढं यजमानांची बदली झाली. काही वर्षांनी काकू गेल्याचं कळलं. आता कुठलंही जुनं चित्रीकरण लागलं की माझा हात आपसूक पडद्याच्या मधोमध जातो.

सरदारजी अजून आहेत. माहितीपटाच्या खेळाला मी त्यांना बोलावलंच नव्हतं. त्यांना त्यांची आई दाखवायची राहिलीय, आणि ती कुठं निघाली होती, हे माझ्या आवाजात सांगायचं राहिलंय.