बचावाच्या परवानगीचा अर्ज

आमच्या घरी पितृपक्षात नवीन काही हाती घेत नाहीत. भांडं नाही, कापड नाही. पण कोर्टाचा समन्ससुद्धा त्यातच मोडतो, हे मला घटस्थापनेच्या आदल्या दिवशी देवघर झाडताना कळलं. हळदीच्या डब्याखाली बंद पाकीट सापडलं. सासऱ्यांची सही घेऊन बेलीफ ते बारा दिवसांपूर्वीच देऊन गेला होता.

"मामाजी, हे कायले लपवलं?"

"लपवलं नाही, माय. पितरायच्या दिवसात असा कागद फोडत नसतात. उद्या घट बसले की देतच होतो."

माझं डोकंच फिरलं. आत लिहिलं होतं, दहा दिवसांत हजर व्हा.

बोरी अरबात माझी मिरची-मसाला कांडायची गिरणी आहे. तिच्यासाठी एका व्यापाऱ्याकडून नवी मशीन घेतली आणि त्याला चेक दिला. मशीन तिसऱ्या दिवशी जळली. त्यानं टेम्पो पाठवून ती परत नेली, चेक फाडून टाकतो म्हणाला. मी लिहून मागितलं नाही. दारात चहा प्यायलेल्या माणसाकडं पावती मागणं आमच्याकडं अपमान समजतात. आता त्याच चेकवर त्यानं समरी सूट, म्हणजे झटपट निकालाचा दावा, लावला होता.

दारव्ह्याच्या वकीलबाईंनी कपाळाला हात लावला. "साध्या दाव्यात सरळ जबाब देता येतो. इथं आधी दहा दिवसांत हजेरी, मग बचाव करू द्या म्हणून परवानगी मागायची. हजेरीच नसली तर तो म्हणेल ते खरं. उशिराचं कारण काय लिहू? सासरे आजारी होते?"

धडधाकट माणूस माझ्या शेजारीच बसला होता. मी नाही म्हटलं. खरं कारण लिहिलं. ते कोर्टात वाचलं गेलं तेव्हा मागच्या बाकावरचे लोक फिदीफिदी हसले आणि मामाजींनी मान खाली घातली. मला त्या हसणाऱ्यांचा राग आला. मामाजींचा तर होताच.

उशीर माफ झाला. मग निकालासाठीचा दुसरा समन्स, पुन्हा दहा दिवस, पुन्हा अर्ज, या वेळी बचावाच्या परवानगीचा. प्रत्येक तारखेला गिरणी बंद ठेवायची, गिऱ्हाईक दुसरीकडं जाणार, आणि आपण कोर्टाच्या व्हरांड्यात बसायचं. शेवटी आदेश झाला. बचावाची परवानगी मंजूर, मात्र दाव्याची सगळी रक्कम आधी कोर्टात जमा करावी. म्हणजे मी याचं काही देणं लागत नाही एवढं सांगायला मला ते देणं आधी भरावं लागणार होतं.

बाहेर आल्यावर मामाजींनी विचारलं, "आता सांगू काय साहेबाले? मशीन त्या टेम्पोत म्याच तं चढवली."

"सांगा ना. पण पयले पैसे भरा लागते."

"अन् नाही भरले तं?"

"तं तुम्ही काही चढवलंच नाही."