नळातला हात

माझ्या बायकोचा हात माजिवड्याच्या एका गाळ्यात आहे, असं मी दोन वर्षं धरून चाललो होतो. ती गेल्यावर घरात तिचं फार काही उरलं नाही. आम्हाला मूलबाळ नाही. साड्या तिच्या बहिणीने नेल्या, मीच ने म्हटलं. फोटो आहेत, पण त्यांत ती कायम कुणाच्या तरी मागे उभी, हात कुठेच दिसत नाहीत. चेहऱ्याचं काम फोटोवर भागतं. मला तिचा हात हवा होता. एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्याने असं काही सांगावं याची मला लाज वाटते, पण खरं तेच आहे.

तो हात तिथे कसा गेला, ते आधी सांगतो.

ठाकुर्लीत माझा गणपतीचा कारखाना होता. मी मुख्यतः साचे करायचो. रंगवणारे ढीगभर मिळतात, साचा काढणारा मिळत नाही, असं मी येईल त्याला ऐकवायचो. गणपती झाले की बाकीचे महिने हॉलच्या छताची नक्षी कर, शाळेसाठी पुतळा ओतून दे, असली कामं. त्यातूनच सर भेटले. सर ठाण्यात राहायचे, कॉलेजात शिल्पकला शिकवायचे आणि माजिवड्याला एका गाववाल्याच्या जुन्या गाळ्यात स्वतःची शिल्पं करायचे.

शिल्पं म्हणजे काय, तर गुडघे असलेलं स्टूल. पात्यांच्या जागी सुपं लावलेला पंखा. कोंबडीचे पाय फुटलेला प्रेशर कुकर.

"सर, हे कुणी घेतं का?" मी पहिल्याच भेटीत विचारलं.

"याला अतिवास्तववाद म्हणतात," सर म्हणाले.

"ते झालं. पण घेतं का कुणी?"

सर रागावले नाहीत. म्हणाले, स्वप्नात दिसतात त्या वस्तू आपल्या ओळखीच्याच असतात, फक्त भलत्या जागी गेलेल्या असतात. मी त्या जागेपणी तशा ठेवतो, एवढंच. मला ते पटलं. घरी येऊन बायकोला सांगितलं, तर ती म्हणाली, "कुकरला पाय फुटले तर तो गॅसवर राहील कसा?" 

आमच्याकडे पाणी संध्याकाळी चारच्या सुमाराला यायचं, आणि तो सुमार कधी अर्ध्या तासाचा असायचा, कधी दोन तासांचा. पाण्याच्या आधी नळातून हवा येते. बायको नळ सोडून त्याच्याखाली तळहात उताणा धरून मोरीत बसायची. कानाला कळायच्या आधी हाताला हवा कळते, असं तिचं म्हणणं, आणि तेवढ्यात पिंप नळाखाली सरकवता येतं. हात नळाखाली, डोळे माझ्यावर आणि तोंडाने भांडण चालू, अशी ती रोज बसलेली असायची. एकदा सर काही कामासाठी घरी आले आणि तिला तसं बघून दारातच थबकले.

"वहिनी, हात हलवू नका."

तिला वाटलं, झुरळ आहे. ती किंचाळून बाहेर आली.

सरांना नळातून बाहेर येणारा हात करायचा होता. पाण्याच्या जागी हात, उताणा, वाट बघणारा. नळ आमचाच घेतला. सरांनी तो काढून नेला आणि नवा बसवून दिला, जो पहिल्या दिवसापासून गळतो. हात अर्थातच तिचा. "लोकांच्या बायकांचं देवीच्या मूर्तीला रूप देतात," ती मला म्हणाली, "आणि माझा हात नळाला." पण मनातून खूश होती. त्या दिवशी तिने बांगड्या काढून ठेवल्या आणि हात दोनदा साबणाने धुतला.

साचा मीच काढला, घरीच. हाताला तेल लावायचं, खाली प्लास्टरची गादी, ती घट्ट झाली की वरून दुसरा थर. प्लास्टर घट्ट होताना गरम होतं. हे मी तिला सांगायला विसरलो. ते तापायला लागलं आणि तिला हसू फुटलं.

"अहो, कुणीतरी हात धरल्यासारखं वाटतंय हो!"

करंगळी हलली. मी चिडलो. धंद्याच्या बाबतीत माझं डोकं फार लवकर फिरायचं. "दोन मिनिटं गप्प बसवत नाही का गं तुला?" असं सरांच्या देखत म्हणालो. तो साचा बाजूला भिरकावला आणि दुसरा काढला. दुसऱ्या वेळी ती अगदी गप्प बसली.

बोटं वळलेली असली की असा साचा एकदाच कामाला येतो. जिवंत हात लवचिक असतो, तो हळूच मागे ओढून घेता येतो. आत ओतलेला प्लास्टरचा हात वाकत नाही, म्हणून वरचा साचा छिन्नीने फोडून तो बाहेर काढायचा. मी तसा काढला, नंतर दोन दिवस बसून घासला, गुळगुळीत केला आणि सरांना दिला. त्यावरून पुढे रबरी साचा झाला आणि फायबरच्या आठ प्रती मीच ओतल्या. सगळ्यांना सरांनी एकच पांढरा रंग दिला.

ठाण्यात प्रदर्शन लागलं तेव्हा मी तिला घेऊन गेलो. ती नवी साडी नेसली होती. हातासमोर बराच वेळ उभी राहिली, थोडी वाकली, आणि सरांकडे वळून म्हणाली, "छान झालाय. कुणाचाय?"

सर खो खो हसले. मीही हसलो. घरी येईपर्यंत ती फारशी बोलली नाही. नव्या चपलेने पाय दुखत असतील, असं मी धरून चाललो.

पुढे सर गेले. मग ती गेली. दवाखान्यात मी तिच्याजवळ बारा दिवस बसलो होतो, हात धरून, आणि ती गेली तेव्हा मी खाली औषधं आणायला गेलेलो. वर आलो तर चादर ओढलेली होती. मला हात बाहेर काढून धरावासा वाटला, पण आजूबाजूला माणसं होती. मी औषधांची पिशवी धरून उभा राहिलो.

गेल्या महिन्यात सरांच्या मुलीचा फोन आला. गाळा मालकाला परत द्यायचाय, आणि कुणीतरी सरांचा नळातला हात विकत घ्यायला तयार आहे, पण त्याला ओरिजिनलच हवा. "काका, इथे चार आहेत आणि चारही सेम दिसतात. तुम्हीच केलेत, तुम्हीच ओळखाल. आणि एका कागदावर सही लागेल तुमची."

मी हो म्हटलं. त्या दिवशी सकाळी दाढी केली, इस्त्रीचा शर्ट घातला. ओळखून दिला की मुलीकडे तो हात एका दिवसासाठी मागायचा, घरी आणायचा आणि दुसऱ्या दिवशी स्वतः नेऊन द्यायचा, असं मनात ठरवलं होतं. ठाण्याला उतरून रिक्षा केली.

खरं सांगायचं तर मूळ कुठलं आणि नक्कल कुठली, हा प्रश्न आमच्या धंद्यात कुणी विचारत नाही. एका साच्यातून शंभर गणपती निघतात. ज्याच्या घरी जो जातो, तो त्याचा बाप्पा. पहिला ओतलेला मलाच द्या, असं म्हणणारं गिऱ्हाईक मी उभ्या जन्मात पाहिलं नाही. त्यामुळे त्या घेणाऱ्या माणसाचं मला वाटेत हसू येत होतं. मला स्वतःला तरी दुसरं काय हवं होतं, हे तेव्हा लक्षात आलं नाही.

गाळ्यात टेबलावर चारही हात मांडून ठेवले होते. ओळखायला एक मिनिट लागलं नाही. बोटाने टिचकी मारली की फायबर पोकळ वाजतं, प्लास्टर बद्द वाजतं. शिवाय त्याला आमचा नळ होता, माझ्याच पान्याने चेपलेला.

"हा पहिला," मी म्हटलं.

"शुअर ना काका? नळसुद्धा ओरिजिनल?"

"आमच्या मोरीतला आहे."

ती खूश झाली आणि कागद आणायला आत गेली. मी तो हात जवळ ओढला आणि तळहातावर, अंगठ्याच्या मुळाशी, माझा अंगठा नेला. तिथे काहीच नव्हतं.

लग्नाच्या पहिल्याच वर्षी विळीवर सुरण चिरताना बायकोला तिथे कापलं होतं. मी हळद दाबून अर्धा तास तिचा हात धरून बसलो होतो. आमच्यात तोवर एवढा वेळ हात धरण्याइतकी ओळखही झाली नव्हती. जखम भरली, पण इंचभर खाच राहिली. पुढे तीस-पस्तीस वर्षं रस्ता ओलांडताना, जत्रेत, दवाखान्यात, जिथे म्हणून मी तिचा हात धरला तिथे माझा अंगठा त्या खाचेत जाऊन बसायचा. आम्ही दोघं यावर कधी एक शब्द बोललो नाही. मला जो हात हवा होता तो हा. टेबलावरचा हात सुंदर होता, आणि कुणाचाही असू शकला असता.

मी बाकीचे तीनही पाहिले. मुलगी परत आली.

"काय शोधताय काका?"

"इथे एक खाच होती."

"डॅमेज झालंय का?" ती घाबरली.

"नाही गं. डॅमेज होतं, ते कुणीतरी दुरुस्त केलंय."

कुणीतरी म्हणजे मी. दुसरं कोण? गणपतीच्या हातावर टाचणीएवढं भोक राहिलं तरी गिऱ्हाईक मूर्ती परत आणतं. खंडित मूर्ती कुणी पूजत नाही. म्हणून प्लास्टर बाहेर आलं की मी आधी बुडबुड्यांची भोकं लांबीने, म्हणजे पुट्टीने, भरतो, मग पॉलिश पेपर मारतो. हात आपोआप चालतात. त्या दोन दिवसांत केव्हातरी मी ती खाच डोळ्यांनी पाहिली असणार, बुडबुडा फुटलाय असं समजून भरली असणार आणि वर घासून गुळगुळीत केली असणार. मला ते आठवतसुद्धा नाही. आणि प्रदर्शनात तिने वाकून नेमकं तेच पाहिलं होतं. ती थट्टा करत नव्हती. तिने विचारलं होतं, आणि मी हसलो होतो.

मी कागदावर सही केली. पहिला आहे एवढंच त्यात लिहिलं होतं, आणि ते खोटं नव्हतं. मुलीने आपण होऊन फायबरची एक प्रत पुढे केली. "घरी ठेवा ना काका, काकूंची आठवण." पोर चांगली आहे. मी नको म्हटलं, जरा तुसडेपणानेच म्हटलं, आणि निघालो.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी माळ्यावर चढलो. भिरकावलेला पहिला साचा मला रात्रभर आठवत होता. तो मी टाकला होता, पण आमच्या घरात मी टाकलेली वस्तू तिने कधी टाकू दिली नाही. दिवाळीच्या कंदिलामागे पत्र्याच्या डब्यात तो सापडला. दोन्ही अर्धी एकमेकांवर नीट बसवून परकराच्या नाडीने बांधलेली होती. गाठ तिचीच. ती सोडवायला मला दहा मिनिटं लागली, कापायचं धाडस झालं नाही.

आत तिचा हात उलटा होता. जिथे खाच हवी तिथे दोऱ्याएवढी उंच रेघ होती. करंगळीच्या दोन कडा दिसत होत्या, हसली तिथे.

साचा फोडल्याशिवाय हात मिळणार नव्हता, आणि चुकलो तर दोन्ही गेलं. माझे हात आता कापतात. तरी मी आत साबणाचं पाणी लावलं, दोन्ही अर्धी जुळवून त्याच नाडीने बांधली, प्लास्टर कालवलं आणि ओतलं. मग मोरीच्या उंबऱ्यावर साचा मांडीत घेऊन बसलो. थोड्या वेळाने तो बाहेरून गरम लागायला लागला. मी छिन्नी घेतली आणि खपली काढावी तसा तुकडा तुकडा काढत गेलो. एकही बोट तुटलं नाही.

हात ओबडधोबड निघाला. जोडाची रेघ मधोमध, बोटांवर बुडबुड्यांची भोकं, करंगळी दुहेरी. लांबीचा डबा आणि पॉलिश पेपर समोरच्या फळीवर होते. मी उठून ते दाराबाहेर ठेवून आलो.

मग तो हात हातात घेतला. प्लास्टर अजून चांगलंच गरम होतं. माझा अंगठा न शोधता खाचेत गेला.

"तुझाय," मी म्हटलं.

नळ मी सवयीने सोडून ठेवला होता, खाली पिंप होतं. हवा येऊन गेली, मग पाणी आलं, पिंप भरून मोरीभर वाहायला लागलं. हात गार होईपर्यंत मी उठलो नाही.