तारखेचं माहेर

'पुढची तारीख' हे शब्द ऐकले तरी माझं डोकं फिरतं. आईच्या वाटणीच्या दाव्यात मी दुसरं काही ऐकलंच नाही. कधी साहेब रजेवर, कधी वकील दुसऱ्या कोर्टात, कधी साहेबांची बदली. नवे साहेब आले की पुन्हा पहिल्यापासून. ऑफिसात दर वेळी काहीतरी थाप मारून रजा काढायची, आईला स्कूटरवर बसवायचं, क्रांती चौकातला धूर खात कोर्ट गाठायचं. पुकारा झाला की तारीख घ्यायची आणि घरी यायचं.

समोर माझा सख्खा मामा. आजोबांच्या मागं त्यानं देवगाव रंगारीच्या सगळ्या जमिनीवर एकट्याचं नाव लावून घेतलं, म्हणून आईनं दावा लावला. त्या दिवसापासून मामीनं आईला माहेरचं दार बंद केलं आणि मामाचं आमच्याकडं येणंही तोडलं.

मामाला बघितलं की माझ्या अंगाची लाही व्हायची. आणि आमची आई? ती कोर्टाच्या आवारातल्या बाकावर खुशाल त्याच्याच शेजारी बसायची. हिच्या डब्यात त्याच्या आवडीची शेंगदाण्याची चटणी, त्याच्या पिशवीत हिच्यासाठी हुरडा. एका दिवाळीनंतरच्या तारखेला त्यानं दोन्ही वकिलांची नजर चुकवून तिच्या हातात साडी ठेवली. तिनंही पर्समधून कुंकवाची डबी काढून त्याला टिळा लावला. ओवाळायचं तेवढं बाकी राहिलं. हे म्हणे वादी आणि प्रतिवादी! मी कपाळावर हात मारून घेतला.

शेवटी वैतागून मीच खंडपीठात रिट करायला लावली. हायकोर्टानं खालच्या कोर्टाला आदेश दिला, दावा सहा महिन्यांत निकाली काढा. मी पेढे घेऊन घरी आलो. आईनं पेढा नुसता हातात धरला.

"एवढी घाई कशाला केलीस रे?"

"घाई? आई, माझे केस पिकले या घाईत!"

"मग आता कसं व्हायचं?"

"आता दर आठवड्याला तारीख."

"दर आठवड्याला व्हय?" म्हणाली आणि पेढा तोंडात टाकला. माझा संताप संताप झाला.

पण आदेश तो आदेश. साक्षी झाल्या, उलटतपास झाला, मुदतीच्या आत निकालही लागला. आईला निम्मा हिस्सा मिळाला. मामा बाकापाशी घुटमळला, "येतो आक्का," म्हणाला आणि एसटी गाठायला निघून गेला. तो फाटकाबाहेर दिसेनासा होईपर्यंत आई उभीच होती. मग आमच्या वकिलांकडं वळली.

"वकीलसाहेब, तो आता अपील करंल का?"

"करू द्या की. टिकायचं नाही ते. तुम्ही अजिबात काळजी करू नका."

"तसं नाय," आई म्हणाली. "अपिलात बी तारखा लई पडतात ना?"