जेसिंताचे सुरणाचे काप, ऑटम स्टाईल

देवबागच्या जेसिंताच्या घरातून कोणी उपाशी गेलेलं नाही. लाईटबिलवाला आला तरी भाकरी आणि सुक्या बांगड्याचा घास खाऊनच उठतो. आणि नेमकी होणारी सून, अँजेला, पहिल्यांदा आली ती दोन केळी खाऊन परत गेली! पाव नको, केक नको, वडे नकोत. जेसिंताला ते इतकं लागलं, की चर्चमध्येसुद्धा तिला ती केळीच दिसायची.

मग मुलाने, शेल्डनने, पुण्याहून फोनवर उलगडा केला. "मम्मी, तिला गहू चालत नाही. चिमूटभरसुद्धा. आठवडाभर आजारी पडते. तेव्हा सांगायला लाजली. या रविवारी काहीतरी ग्लूटन-फ्री कर ना. स्टार्टर. फ्यूजन टाईप. ऑटम व्हेजिटेबल्सचं."

"ऑटम म्हंजे काय रे?"

"पानं गळतात तो सीझन."

"आमच्या माडांची झावळां बाराय म्हयने गळतत! मगे आमचो ऑटम संपता कधी?"

"मम्मी, आत्ता ऑक्टोबरात मिळते ती भाजी गं!"

फोन ठेवला आणि जेसिंताने नवऱ्यासमोर नाक वर करून, मान वेळावून, थेट शेल्डनच्या आवाजात म्हटलं, "ग्लूऽऽटन-फ्री. फ्यूऽऽजन टाईप." साल्वादोर इतका हसला की कवळी हातात आली.

पण बेत ठरला. चिमुकले घावणे, आत लाल भोपळा आणि सुरण, त्याला बांगड्यात भरतात तो लाल रेशाद मसाला, वरून शेल्डनने मागच्या खेपेला आणून ठेवलेलं चीज. "तांदळाचो घावणो जल्मापासून ग्लूटन-फ्री," जेसिंता म्हणाली. "ह्या वेळी तां चेडू पोटभर जेवल्याशिवाय उठाचा नाय!"

रविवारी पीठ भिजलं, बिडाचा तवा तापला. साल्वादोर फुशारक्या मारत होता. "दत्तारामान गिरणीर माका रांगेत पुढे घेतल्यान. म्हणालो, सुनेसाठी ना? चल, घाल तुझो तांदूळ."

जेसिंताचा हात थांबला. "कोणाच्या दळणार दळून हाडलात?"

"त्या चपातीवाल्या बाईच्या. तिचा संपला, लगेच माझा."

"गव्हार?"

गिरणीत आधीच्या दळणाचं, म्हणजे इथे गव्हाचं, पीठ जात्यात राहतं आणि पुढच्याच्या डब्यात उतरतं. म्हणून तर गावातली प्रत्येक बाई दत्तारामला बजावते, "गव्हार दळू नको हां!" साल्वादोरला कोणी कधी गिरणीवर पाठवलंच नव्हतं.

"मूठभर गहू काय करतलो गो?"

"चेडवाक आठवडोभर झोपवतलो!"

अख्खं पातेलं परसात गेलं. कोंबड्यांची पार्टी सुरू झाली आणि तेवढ्यात दारात शेल्डनच्या गाडीचा हॉर्न वाजला. घावणा गेला, वेळ गेला, उरलं काय? आमसूल चोळून ठेवलेले सुरणाचे काप. गोल. चपटे. जेसिंता त्यांच्याकडे बघत राहिली आणि एकदम ओरडली, "मगे ह्योच घावणो!"

काप खोबरेल तेलात चर्रर्र करून पडले. वर मसाल्यात परतलेला भोपळा, वर चीज. स्वयंपाकघराच्या दारात अँजेला उभी राहिली, अवघडलेली.

"आंटी, यात रवा...?"

"नाय."

"हिंग? हिंगात मैदा असतो कधीकधी."

"हिंगच नाय. मसाल्यातलो व्हिनेगर पण माडाचो." मग जेसिंताला राहवेना. "खरां सांगतंय. पीठ होता. पण तां गव्हार दळलेला, म्हणान कोंबड्यांक घातलंय."

अँजेलाने खिडकीतून पाहिलं. परसात पांढऱ्या चोचींच्या कोंबड्या पातेल्यात नाचत होत्या. ती हसता हसता खालीच बसली. "आंटी, गिरणीचं तर माझ्या घरीसुद्धा कोणाच्या लक्षात येत नाही!"

पहिला काप तिने फुंकून खाल्ला. दुसरा न फुंकता. तिसऱ्याच्या वेळी शेल्डन मध्ये हात घालायला लागला, तर त्याच्या हातावर चापट.

"ह्यात आणखी काय घातलंय, तां विचारूचा नाय?" जेसिंताने विचारलं.

अँजेलाच्या तोंडात काप होता, ओठ लाल झाले होते. तिने मानेनेच नाही म्हटलं आणि थेट तव्यातच हात घातला.

"गो, भाजतला!"

"भाजूं दे!"