पलंगाखालची फिल्म

"पाणी नको! ही फिल्म पाण्यानं विझत नाही," बाई जिन्यातून ओरडल्या आणि पुन्हा जळत्या खोलीकडे वळल्या. मी त्यांचा अंबाडा धरून त्यांना मागं ओढलं.

लंडनजवळच्या इल्फर्डच्या त्या घरात मी खाली राहायचे, त्या वर. मुंबईच्या ज्यू होत्या. तरुणपणी मूकपटांत काम केलेलं. बोलताना आधी भुवया उडायच्या, मग हात, शब्द सगळ्यात शेवटी. चहा हवा असला की दारात येऊन नुसता कप दाखवायच्या. सिनेमाच्या दिवसांत त्या धरून पाच नट एका खोलीत राहायचे. राजाच्या मेजवानीच्या सीनसाठी आणलेली फळं पदराखाली लपवून आणायची, तेच रात्रीचं जेवण. बाकीचे चौघे कधीच वारले. ते पाचही जण ज्यात दिसतात अशी एकच फिल्म उरली होती, जुन्या काळची, भडकन पेटणारी नायट्रेटची, पलंगाखालच्या डब्यात. शेजारीच पॅराफिनचा, म्हणजे रॉकेलचा, हीटर. मी कितीदा म्हटलं, "अहो, तो डबा हलवा तिथून." तर म्हणायच्या, "त्यांना इथली थंडी सोसत नाही गं."

"सोड मला, ते आत आहेत!" आता जिन्यात त्या माझ्या हातातून सुटायला धडपडत होत्या.

"ते मेलेत. तुम्हालाही जायचंय का?"

बाई थांबल्या. खोकत म्हणाल्या, "खरंय. त्यांच्यातला एकही माझ्यासाठी आत शिरला नसता. बाहेर उभं राहून रडले असते मात्र झकास."

मग त्या माझ्या आधी जिना उतरल्या. फिल्म सगळी जळाली. घरात आम्ही दोघीच होतो, दोघी वाचलो.