एत्तोरेकाकांचा आवाज

क्लाउडियाचा मेसेज आला तेव्हा मी इंडियन ग्रोसरीच्या पार्किंगमध्ये गाडीत बसले होते. तिचे वडील, आमच्या शेजारी लेकीकडे राहणारे एत्तोरेकाका, झोपेतच गेले होते. त्याला आता दीड महिना होत आला. दुःख हळूहळू निवेल. पण त्यांच्या मेमोरियलला, म्हणजे शोकसभेला, जे पाहिलं, त्याची शिसारी काही जात नाही...

काका इटलीतले नट. त्यांचं नाव कुणाला माहीत असायचं कारण नाही, हे तेच हसत सांगत. उमेदीची वर्षं रोमच्या स्टुडिओंमध्ये गेली. कधी घोड्यावरून पडणारा डाकू, कधी विष दिलेला सरदार, पुढे टीव्ही मालिकेत इन्स्पेक्टरच्या मागे उभा राहणारा हवालदार. तिकडे तेव्हा संवाद शूटिंगनंतर वेगळे भरत, आणि काकांचे संवाद दरवेळी दुसराच कुणीतरी भरत असे. त्यांचा आवाज बारीक, जरासा नाकातला. तो चेहऱ्याला शोभत नाही, असं दिग्दर्शकांना वाटे. स्वतःचा सिनेमा बघायला जायचं आणि पडद्यावर आपण तोंड उघडलं की परक्याचा भरदार आवाज ऐकायचा, असं आयुष्यभर चाललं. बायको गेल्यावर ते इथे अमेरिकेत, मॉरिसव्हिलला आले, तेव्हा इथेही ऑडिशन दिल्या. एका पिझ्झाच्या जाहिरातीत काम मिळालं. तिथे खोट्या मिशा लावून नुसतं हवेत चुंबन फेकायचं होतं.

मी इथल्या मराठी मंडळाची नाटकं बसवते. एका नाटकात गोरा साहेब होता, गोळी खाऊन मरणारा. मी काकांना विचारायला गेले. आम्ही इंग्रजीतच बोलायचो. ते म्हणाले, “मरून मरून कंटाळलोय मी. मला एखादं वाक्य दे. तुमच्या भाषेतलं चालेल.”

मग मी त्यांच्यासाठी शेजाऱ्याचं काम लिहिलं. ‘वहिनी, बाळू अजून आला नाही? मी थांबतो.’ त्या ‘ळ’साठी ते कुंपणापाशी झाडांना पाणी घालताना जीभ वळवत बसायचे. प्रयोगात पहिल्या शब्दाला लोक हसले. ‘मी थांबतो’ला हॉल शांत झाला. विंगेत आल्यावर त्यांनी एवढंच विचारलं, “मागच्या रांगेत ऐकू गेलं?” मी हो म्हटल्यावर खुर्चीत बसले आणि बराच वेळ उठलेच नाहीत.

मेमोरियलला त्यांच्या जावयाने, जेफने, व्हिडिओ बनवला होता. काकांचे सिनेमातले सगळे मृत्यू एकामागे एक जोडलेले, खाली गमतीदार संगीत. हातात सँडविच घेऊन लोक हसत होते. शेवटी काकांचा चेहरा पडदाभर आला आणि भरदार आवाजात त्याने आल्याबद्दल सगळ्यांचे आभार मानले. सिनेमातल्या त्या परक्या आवाजावरून कॉम्प्युटरने तयार केलेलं ते भाषण होतं. मी सँडविच तसंच टेबलावर ठेवलं.

क्लाउडियाला बाजूला घेऊन म्हटलं, हा त्यांचा आवाज नाही.

“आय नो,” ती शांतपणे म्हणाली. “जेफने पप्पांचा खराही लावून पाहिला. हा जास्त शोभतो.”

मी बाहेर आले. पार्किंगच्या कडेला मला खरोखरच उलटी झाली.

घरी पोचते तर मंडळाच्या ग्रुपवर तोच व्हिडिओ, खाली जोडलेल्या हातांचे इमोजी. ‘काय भारदस्त आवाज होता काकांचा!’ हे लिहिणारी बाई नाटकात वहिनी झाली होती. तिच्यासमोर उभं राहून काका ती वाक्यं बोलले होते. किळस आली मला... आमच्या सगळ्यांचीच.

आमच्या तालमी माझ्या गॅरेजमध्ये होतात. त्या नाटकानंतर काका प्रत्येक तालमीला येत. मराठी कळत नसे. फोल्डिंगची खुर्ची वॉटर हीटरजवळ ओढून, आमच्याकडे पाठ करून भिंतीकडे तोंड करून बसत. चेहरा दिसला की आवाज नीट ऐकू येत नाही, म्हणत. एखादं वाक्य पोकळ निघालं की न वळता फक्त बोट वर करत.

परवा नव्या नाटकाची तालीम सुरू झाली. खुर्ची अजून भिंतीकडे तोंड करून आहे, कुणी वळवलेली नाही. मध्येच आमच्या नायकाचं एक वाक्य वरवरचं गेलं. तो थांबला, खुर्चीकडे पाहिलं, आणि कुणी न सांगता त्याने ते पुन्हा म्हटलं.