खांबावरची भेटवही

जूनचा दुसरा मंगळवार, सकाळी साडेआठ. हजर: मी, आई, शेजारचे आप्पा, त्यांचा थोरला मुलगा आणि कोर्टाच्या आदेशानं संरक्षणाला आलेले हवालदार. गैरहजर कोणी नाही. उचगावातली आमची अख्खी गल्ली दारात उभी होती.

मी अंगणात खुर्ची ठेवली. आईनं पेला दोनदा पुसून पाणी आणलं. हवालदारांनी पेला हातात घेतला.

आपल्या कट्ट्यावरून आप्पा ओरडले, "पावणं, त्यांच्यात कशाला पाणी पिताय? हिकडं या की. चा टाकलाय."

हवालदारांनी भरलेला पेला तसाच खुर्चीवर ठेवला आणि कट्ट्यावर जाऊन बसले. कोणीतरी हसलं. आईनं ते पाणी तुळशीला घातलं.

आम्ही बौद्ध. गल्लीत घर घेतलं तेव्हापासून आप्पांचं एकच म्हणणं: "विकून जावा. न्हाइतर म्हातारीला एकटीला गाठतो." मी जयसिंगपूरच्या शाळेत क्लार्क. सकाळी नऊला निघते, सहाला परतते. मधले नऊ तास आई एकटी. त्या नऊ तासांसाठी मी कोर्टात गेले होते.

पोलिसांनी दिवसातून दोनदा यायचं, घरातल्या माणसाला भेटायचं, भेटवहीत सही करायची, असा आदेश. वहीचे रकाने मीच आखले. तारीख, वेळ, शेरा, सही. हवालदार म्हणाले, "ताई, वही गेटच्या खांबाला बांधा. बायकांच्या घरात सारखं आत यायला बरं दिसत न्हाय."

मला ते सभ्यपणाचं वाटलं. मी बांधली. खांब आमचा आणि आप्पांचा सामाईक. तिथून कट्टा दोन पावलांवर. चूक माझी.

पुढच्या गुरुवारी घरी आले. दाराला आतून कडी. तीन हाका मारल्यावर आईनं उघडलं. न्हाणीघरात बसून होती. तळहाताला फडकं. स्वयंपाकघरात खिडकीच्या काचा, काचांमध्ये धोंडा.

"कधी?"

"कारखान्याच्या चारच्या भोंग्याला."

"हाक नाही मारलीस?"

"मारली की. भाईर हसत हुते. कपबशीचा आवाज येत हुता."

मी खांबाकडे गेले. माझ्याच पट्टीनं आखलेल्या रकान्यात लिहिलं होतं: दुपारी ४.१०. सर्व शांत. खाली सही.

पुढच्या तारखेला हीच वही कोर्टात जाणार होती. माझ्या हातानं आखलेली, माझ्याविरुद्ध. आयुष्यभर मी सगळं नीटनेटकं ठेवलं, कोणाला बोट ठेवायला जागा नको म्हणून. त्यांना बोट ठेवायचंच नव्हतं. त्यांना धोंडा टाकायचा होता.

शुक्रवारी रजा टाकली. सुतळी कापली. पुढच्या खोलीत, बुद्धाच्या फोटोखाली खिळा ठोकून वही अडकवली.

आप्पा म्हणाले, "लई शानी झालीस व्हय गं?"

मी सुतळी गुंडाळून ठेवली. हवालदार आले, खांब पाहिला. "ताई, द्या की वही, सही करतो."

"वही घरात आहे. आत या. आईचा हात बघा. मग लिहा, सर्व शांत."

ते उंबऱ्यापाशी थांबले. एकदा बुटांकडे पाहिलं, एकदा कट्ट्याकडे. "उशीर झालाय," म्हणाले आणि गेले.

मी लाल पेनानं लिहिलं: ८.४०. आले. आत आले नाहीत.

तेव्हापासून रोज दोन लाल ओळी. मी शाळेत असते तेव्हा दुपारची वेळ आई घड्याळात बघून ठेवते. पाणी आता मी विचारत नाही. त्यांनी आमचं पाणी प्यावं म्हणून मी कोर्टात गेले नव्हते.

शाळेत चारचा भोंगा ऐकू आला की अजून हातातला पेन थांबतो. घरी फोन लावते. आई "हाय बरी" म्हणेपर्यंत श्वास घेत नाही.

धोंडा पिशवीत ठेवलाय. फोटो काढले. वकिलांमार्फत कोर्टात अर्ज दिला. सोमवारी वही मी स्वतः न्यायाधीशांसमोर ठेवणार, लाल ओळींसकट.

खिडकीच्या काचेचं काम तेवढं राहिलं आहे. आई म्हणते, "बसवू नको, परत फोडतील."

माप घेऊन ठेवलंय. बसवायची आहे.